मदत हवी आहे: सोर्स हरवलाय, फक्त ईएक्सई उरलीय, आणि रनटाइम एरर २००

नमस्कार मंडळी,
टर्बो पास्कल ७ (डॉसच्या काळातला पास्कल भाषेचा कंपायलर) मध्ये मीच लिहिलेला हिशोबाचा जुना प्रोग्रॅम आहे. सोर्सच्या, म्हणजे मूळ कोडच्या, फ्लॉपीला बुरशी लागली, हातात उरली ती ईएक्सई, म्हणजे चालवायची तयार फाइल. (बॅकअप का नव्हता हे विचारू नका.) ६४ बिट विंडोजवर १६ बिटचं काही चालत नाही, म्हणून व्हर्च्युअल मशीनमध्ये फ्रीडॉस (डॉसचा मोफत पर्याय) टाकलं. तिथे पहिली ओळ दिसायच्या आत एरर २००, म्हणजे शून्याने भागाकार. माझ्या कोडमध्ये सुरुवातीला भागाकारच नाही!

शोधल्यावर कळलं, घोळ सीआरटी युनिटचा, म्हणजे टर्बो पास्कलसोबत येणाऱ्या पडदा-कीबोर्ड सांभाळणाऱ्या तयार कोडचा आहे. डिलेचा (ठरावीक वेळ थांबण्याचा) अंदाज बांधायला ते सुरू होतानाच घड्याळाच्या ५५ मिलिसेकंदांच्या एका टिकमध्ये रिकामं लूप किती वेळा फिरलं ते मोजतं आणि त्या आकड्याला ५५ ने भागतं. उत्तर १६ बिटांत, म्हणजे ६५,५३५ पर्यंतच मावतं. मशीन वेगवान असेल तर मोजणी ३६ लाखांच्या पुढे जाते, उत्तर मावत नाही, आणि पास्कल त्यालाच शून्याचा भागाकार म्हणतं.

एफ७ डी० एफ७ डी२ बी९ ३७ ०० एफ७ एफ१ हे बाइट शोधून त्यातला ३७ (हेक्समधला ५५) बदलायचा, असं वाचलं. हेक्स एडिटरमध्ये (फाइलचे कच्चे बाइट दाखवणाऱ्या प्रोग्रॅममध्ये) ते सापडतच नाहीत. कुठे चुकतंय?

प्रतिसाद १
फाइल दाबलेली (कॉम्प्रेस केलेली) असणार. तेव्हा जागा वाचवायला एलझेडईएक्सई, पीकेलाइट सर्रास वापरायचे. हेक्स १सी या ऑफसेटला 'एलझेड९१' दिसतंय का? असेल तर आधी अनएलझेडईएक्सईने उलगडा, मग शोधा. ३७ ०० च्या जागी एफएफ एफएफ टाका, म्हणजे ५५ ऐवजी ६५,५३५ ने भागलं जाईल. डिले मात्र जवळजवळ १,२०० पटींनी आखूड होतील. आणि मूळ फाइलची प्रत ठेवा, या वेळी तरी.

धागाकर्ता
एलझेड९१ च निघालं! प्रोग्रॅम चालला. 'नोंद झाली' हा संदेश पापणी लवायच्या आत गायब होतो, पण चालेल. आता सगळं फ्री पास्कलमध्ये (पास्कलच्या आजच्या मोफत कंपायलरमध्ये) नव्याने लिहायला घेतलंय, तर जुन्या डेटा फाइलमधल्या रकमा भलत्याच येताहेत.

प्रतिसाद २
टर्बो पास्कलचा रिअल (अपूर्णांकी संख्येचा प्रकार) ६ बाइटचा, फ्री पास्कलचा ८ चा. त्यामुळे प्रत्येक रकमेला २ बाइट सरकताय. ६ बाइटचा अ‍ॅरे म्हणून वाचा. पहिला बाइट घातांक, त्यातून १२९ वजा करा. तो शून्य असेल तर रक्कमच शून्य. चिन्ह शेवटच्या बाइटच्या सर्वांत वरच्या बिटात. रेकॉर्ड पॅक्ड, म्हणजे मध्ये रिकामे बाइट न सोडता, ठेवायला विसरू नका.