टॉर्ट : 'अपकृत्य' की नुसतंच 'वाकडं'?

लिफीकाठची
डब्लिनमध्ये कायदा शिकतेय. इथे सॉलिसिटर व्हायचं तर लॉ सोसायटीच्या प्रवेश परीक्षेचे आठ पेपर द्यावे लागतात. त्यातले क्रिमिनल आणि टॉर्ट (नुकसानभरपाईच्या दाव्यांचा कायदा) सध्या मानगुटीवर आहेत. परवा आईला फोनवर सरावाचा एक प्रश्न सांगत होते : दुकानातली फरशी ओली, गिऱ्हाईक बाई घसरली, मनगट मोडलं. सगळं ऐकून आई म्हणाली, "मग दुकानदाराला शिक्षा किती झाली?" शिक्षा नाही गं, भरपाई. "म्हणजे गुन्हा नाही?" नाही. "मग आहे काय ते?" इथे माझी दातखीळ बसली. शब्दकोशात टॉर्टला 'अपकृत्य' दिलंय. पण 'दुकानदाराने अपकृत्य केलं' म्हटलं असतं, तर आईने बिचाऱ्याबद्दल भलतंच काही मनात आणलं असतं. दुसरा शब्द आहे का?

वकीलकाका
रूढ शब्द अपकृत्य हाच. एलएलबीच्या मराठी पुस्तकांत तोच असतो. 'दुष्कृती'ही वाचलाय, तो त्याहून वाईट. आमच्या तालुका कोर्टात दोन्ही कोणी उच्चारत नाही. 'नुकसानभरपाईचा दावा' म्हटलं की पक्षकाराला कळतं. आईंना 'दिवाणी प्रकरण' सांगा.

लिफीकाठची
काका, दिवाणी म्हटलं की आईला भावकीतला बांध आठवतो. (तो दावा आजोबांच्या वेळेपासून चालू आहे.) आणि करारभंगही दिवाणीच की. मला करार नसताना झालेल्या नुकसानीचा शब्द हवाय.

शब्दवेडा
टॉर्टचं मूळ लॅटिन, अर्थ पिळलेलं, वाकडं. टॉर्चर हा त्याचाच भाऊबंद. आणि आपण मराठीत काय म्हणतो? 'तो माझं काय वाकडं करणार आहे?' दोन भाषांना एकच उपमा सुचली! माझं मत 'वाकडं'ला.

लिफीकाठची
वा, हे वहीत लिहून ठेवलं. पण 'वाकडं करणे' म्हटलं की हेतू आलाच. दुकानदाराने कुणाचं वाकडं करायला फरशी ओली ठेवली नव्हती. टॉर्टचा मोठा हिस्सा निष्काळजीपणाचा. त्याची गंगोत्री म्हणजे १९३२ चा स्कॉटलंडचा खटला : जिंजर बिअरच्या बाटलीत मेलेली गोगलगाय. बाटलीतून उरलेलं ओतलं तेव्हा ती बाहेर आली, असं तक्रारदार बाईंचं म्हणणं. बाटली मैत्रिणीने घेऊन दिलेली, म्हणजे बाईंचा कुणाशीच करार नव्हता. तरी बनवणाऱ्यावर बाईंची काळजी घ्यायची जबाबदारी आहे, असं ठरलं. आयर्लंडमध्येही आम्ही तिथूनच सुरुवात करतो आणि इथल्या सर्वोच्च न्यायालयाच्या २००१ च्या ग्लेनकार निकालापर्यंत येतो. त्यात पाहायचं ते असं : नुकसान आधी दिसण्याजोगं होतं का, दोघांत पुरेसं जवळचं नातं होतं का, आणि शेवटी, ही जबाबदारी लादणं न्याय्य आणि रास्त आहे का. यात 'कृत्य' कुठे आहे? बऱ्याचदा फरशी न पुसणं, एवढंच.

मृण्मय
जरा वेगळं विचारतो. असॉल्टला मराठीत 'हल्ला' म्हणावं का?

लिफीकाठची
याच शब्दाने माझे मार्क घालवलेत. आयर्लंडच्या १९९७ च्या कायद्याने असॉल्ट आणि बॅटरी हे जुने गुन्हे मोडीत काढून असॉल्ट नावाचा एकच गुन्हा केला. समोरच्याच्या अंगावर बळ वापरलं तरी असॉल्ट, आणि आत्ताच वापरणार असं त्याला सकारण वाटायला लावलं तरी असॉल्ट. बळाच्या व्याख्येत उष्णता, प्रकाश, वीज, आवाज, सगळं येतं. टॉर्टच्या पेपरात मात्र जुनी वाटणी शाबूत : मूठ उगारली तर असॉल्ट, ठोसा बसला तर बॅटरी. एकच देश, एकच शब्द, सकाळच्या तासाला एक अर्थ आणि दुपारी दुसरा. मी टॉर्टच्या उत्तरात ठोशाला असॉल्ट म्हणून बसले.

वकीलकाका
आपल्या दंडसंहितेच्या मराठी पाठात 'हमला' आहे आणि तो तुमच्या दुपारच्या अर्थाशी जुळतो. कलम ३५१ च्या दाखल्यात नुसती मूठ उगारलेली आहे. आता भारतीय न्याय संहितेत ते १३० झालं. प्रत्यक्ष हात लावला की 'फौजदारीपात्र बलप्रयोग'. पण बातमीत 'हमला' वाचलं की लोकांना रक्त दिसतं. शब्द कायद्यात एक बोलतो, चावडीवर दुसरं.

मृण्मय
मग ठोशाला 'मारहाण', मूठ उगारण्याला 'अंगावर धावून जाणे'?

लिफीकाठची
बोलण्यात चालेल. पण ब्रिटनमध्ये १९९७ साली नुसत्या मुक्या फोन कॉलनाही असॉल्ट ठरवलं गेलं. फोनवर कोण कुणाच्या अंगावर धावणार? (गंमत म्हणजे त्या आरोपीचं आडनावच आयर्लंड. पहिल्या आठवड्यात मी तो आमच्या देशाचा खटला समजून वाचला.)

शब्दवेडा
आणि निष्काळजीपणा, हयगय, बेदरकारपणा? पोलिसांच्या कागदात तिन्ही एका दमात येतात.

लिफीकाठची
इथे ते तोडावे लागतात. बेदरकार म्हणजे धोका स्वतःला दिसत असताना पुढे जाणारा. १९७७ च्या मरे खटल्यापासून आयर्लंडमध्ये आरोपीच्या मनात काय होतं ते पाहतात. निष्काळजी माणसाला धोका दिसलाच नाही तरी सुटका नाही, शहाण्या माणसाला दिसला असता एवढं पुरतं. मराठीत 'बेदरकार'मध्ये ती 'मला काय त्याचं' वृत्ती आपोआप येते. इंग्रजीपेक्षा मला हाच शब्द लक्षात राहिला.

अजून एक. आपल्याकडे 'महाराष्ट्र शासन विरुद्ध अमुक'. इथे १९३७ च्या राज्यघटनेप्रमाणे गंभीर गुन्ह्यांचे खटले 'लोकां'च्या नावाने चालतात, निकालावर 'द पीपल विरुद्ध अमुक' असतं. मार खाल्लेला माणूस त्यात फक्त साक्षीदार. त्याला स्वतः वादी व्हायचं तर टॉर्टमध्येच यावं लागतं.

वकीलकाका
मग आईंना हेच सांगा की. ज्यात 'लोक' भांडतात तो गुन्हा. ज्यात बाई स्वतः भांडते ते तुमचं टॉर्ट.

लिफीकाठची
सांगितलं. आई म्हणाली, "बाईला वकिलाचा खर्च कोण देणार?"

शब्दवेडा
न्यूसन्सला 'उपद्रव' बरोबर आहे का?

वकीलकाका
त्याला नवा धागा काढा.