कॅरोली श्नीमनची 'फ्यूजेस': प्रिंट खराब आहे की मुद्दाम असं केलंय?

रात्रपाळी:
काल फ्यूजेस पाहिली. जवळपास अर्धा तास, आवाज अजिबात नाही. ती, तिचा जोडीदार, त्यांचा प्रणय, खिडकी आणि मांजर एवढंच, पण सगळीकडे रंगाचे डाग, ओरखडे, मधेच जळल्यासारखं काहीतरी, चेहरा नीट दिसतोय म्हणेपर्यंत गायब. प्रिंट खराब असेल तर दुसरी शोधतो, पण मुद्दाम असेल तर का ते कुणीतरी सांगा ना. आणि ही बाई फिल्ममेकर की परफॉर्मन्स आर्टिस्ट?

सोळा_एमएम:
प्रिंट ठीक आहे, ती फिल्म तशीच आहे. १९६४ ते ६७ ती यावर काम करत होती, रिळावरच रंग लावला, खरवडलं, भाजलं, अॅसिडमध्ये बुडवलं, कारण ती मुळात पेंटर, शेवटपर्यंत स्वतःला पेंटरच म्हणायची. कॅमेरा उसना आणलेला, चावीचा बोलेक्स, एकदा चावी दिली की जेमतेम अर्धं मिनिट चालणार. कॅमेरामन नाहीच, कॅमेरा कुठेतरी टेकवून ठेवायचा आणि समोर स्वतः जायचं, म्हणून कुणी चोरून बघतंय असं वाटत नाही. ते डाग काढले तर उरतील नुसती दोन उघडी शरीरं आणि तसल्या फिल्मा ढिगाने आहेत.

कडेलोट:
फिल्ममेकर की परफॉर्मर असं तिच्या बाबतीत वेगळं काढताच येत नाही. १९७७ ला टेल्युराइड फिल्म फेस्टिव्हलमध्ये तिने योनीतून कागदाची लांब पट्टी हळूहळू बाहेर ओढत वाचून दाखवली, आणि त्या पट्टीवर मजकूर काय, तर एक पुरुष फिल्ममेकर तिला सांगतोय की तू आवडतेस, पण तुझ्या फिल्मा बघायला सांगू नकोस!! तो मजकूरही तिच्याच एका सुपर एट (घरगुती वापराची अरुंद फिल्म) फिल्ममधला. लोक फक्त पट्टीबद्दल बोलतात आणि मजकूर सोडून देतात, तेच मला खुपतं. व्हेनिस बिएनाले या मोठ्या कलाप्रदर्शनाचा गोल्डन लायन हा जीवनगौरव पुरस्कार मिळाला २०१७ ला, २०१९ ला ती गेली. इतका उशीर का लागावा, खरंच राग येतो.

रात्रपाळी:
बापरे, मजकुराचं माहीतच नव्हतं. आता पुढे काय बघू?

सोळा_एमएम:
'अप टू अँड इन्क्लूडिंग हर लिमिट्स' या तिच्या परफॉर्मन्सचं रेकॉर्डिंग बघ, त्यात ती दोरीला लटकून झोके घेत भिंतीवर खडूने रेघा ओढते, हात पोचेल तिथपर्यंतच चित्र. ते बघून मग फ्यूजेस परत लाव.