‘ग्रीड’ची ट्रिना लोभी होती म्हणे!

महालकर: ‘बायकोच्या लोभानं संसार बुडाला’ असं म्हणून इथे कालच्या पोस्टमध्ये कोणीतरी ‘ग्रीड’ सिनेमा निकालात काढला. मी दिग्दर्शक स्ट्रोहाइमचा हा १९२४ चा मूकपट बघितला आहे, म्हणून राहवलं नाही. मॅकटीग दातांचा डॉक्टर, गुंगीत पडलेल्या ट्रिनाचं चुंबन घेतो, तिथून ही प्रीती सुरू. तिच्याशी लग्न करू पाहणारा मार्कस आपल्या मित्रासाठी, म्हणजे मॅकटीगसाठी, तिच्यावरचा हक्क सोडतो. लग्न ठरल्यावर तिला लॉटरीत ५००० डॉलर लागतात आणि मार्कसच्या पोटात दुखतं. मॅकटीगकडे डॉक्टरकीचा परवाना नसल्याची चुगली तोच करतो. लोभ कोणाचा?

जुनी_शुक्रवारी: नवऱ्याचा धंदा बसला तरी ती दमडी काढत नाही. नासकं मटण आणते, नाणी घासत बसते. काम शोधायला निघालेल्याला पावसात ट्रामचे पैसे देत नाही!

महालकर: आणि पैशासाठी तो तिची बोटं चावतो, ते दिसलं नाही?

बर्डीची_लेक: बाबांनी नागपुरात वर्धा रोडला माझ्या नावानं प्लॉट घेतला होता. एका स्थळाची माणसं आधी प्लॉट बघून आली, मग मला बघायला. चहा घेताना पहिला प्रश्न, ‘आरएल झालं का?’, म्हणजे प्लॉट नियमित झाल्याचं पत्र मिळालं का. मी नकार दिला. ट्रिनानं पैसा का धरून ठेवला, ते मला कळतं.

काटोलचा_भाऊ: ताई, पोरीवाले का कमी हायेत? माह्या भावाचा पाच एकर संत्र्याचा बगीचा हाय, पोरगा निर्व्यसनी. पन कोणी पोरगी देऊन नाही रायलं. सरकारी नोकरी पाह्यजे, नाहीतर पुण्यात आयटी. हा लोभ नाही तं काय?

बर्डीची_लेक: ती भीती आहे, भाऊ. संत्र्याची फळगळ झाली, भाव पडला तर पोरीनं काय करायचं? आणि ‘नाही’ म्हणणं हा हुंडा नव्हे. हुंडा घेणं १९६१ पासून गुन्हा आहे, तरी मागतातच.

काटोलचा_भाऊ: आमच्या घरानं एक रुपया मागतला नाही! सगळ्यायले एकाच मापात मोजू नका.

बर्डीची_लेक: तुमच्या घराला मी काही म्हटलं नाही. आवाज खाली.

जुनी_शुक्रवारी: सिनेमावर या. मूळ चित्रपट आठेक तासांचा, स्टुडिओनं कापून सव्वादोन तासांवर आणला. शेजारच्या म्हाताऱ्या जोडीचं निर्मळ प्रेमही त्यात गेलं. ते असतं तर ट्रिना इतकी काळी दिसली नसती. एवढंच मान्य. ट्रामचे पैसे मात्र तिनं द्यायलाच पाहिजे होते.

महालकर: दिले असते तर पुढच्या वेळी दारूला मागितले असते.

काटोलचा_भाऊ: ताई, एकडाव बगीच्यात या. मंग सांगा, भीती का लोभ.