गॉटशाल्क टीव्हीवर घरच्यासारखाच वागायचा, हे कौतुक की फाजील सवलत?

धागाकर्ता:
थॉमस गॉटशाल्कबद्दल बोलायचंय. माहीत नसेल त्यांच्यासाठी, जर्मनीच्या झेडडीएफ चॅनेलवर शनिवारी रात्री 'वेटन, दास..?' लागायचं, साधी माणसं अचाट पैजा करून दाखवायची आणि सोफ्यावरचे सेलिब्रिटी जमेल की नाही ते सांगायचे. १९८१ ला फ्रांक एल्स्टनरने सुरू केलं, पण १९८७ पासून मधला थोडा काळ सोडला तर २०११ पर्यंत सूत्रसंचालक गॉटशाल्कच. कुरळे केस, भडक कोट, तोंडाला येईल ते बोलणार, शो वेळेत संपवणं तर माहीतच नाही. नंतर तो परत आला, आणि नोव्हेंबर २०२३ च्या त्याच्या शेवटच्या भागात म्हणाला की पूर्वी मी घरी बोलायचो तेच टीव्हीवर बोलायचो, आता घरी वेगळं आणि इथे वेगळं बोलावं लागतं. मला ते शंभर टक्के पटलं.

रातकिडा:
मला अजिबात नाही पटलं. घरच्यासारखं वागणं म्हणजे काय, तर शेजारी बसलेल्या बाईच्या गुडघ्यावर हात? जुन्या क्लिप्स बघा, पाहुणी हसत हसत बाजूला सरकते आणि हा बोलतच राहतो. लाइव्ह शोमध्ये, एवढ्या लोकांसमोर, ती बोलणार तरी काय? बिनधास्त वागायची मुभा फक्त त्यालाच होती.

बायर्नकर:
गुडघ्यांचं मान्य, ते चूकच. पण २००८ चा टीव्ही पुरस्कार सोहळा आठवा. मार्सेल राइश-रानित्स्की, वॉर्सा घेट्टोतून वाचलेला साहित्य समीक्षक, स्टेजवर येऊन म्हणाला हा पुरस्कार मी घेत नाही. सगळं सभागृह गार. गॉटशाल्कने तिथल्या तिथे सुचवलं की टीव्हीच्या दर्जावर एक कार्यक्रमच करू, आणि आठवड्याभरात दोघं खरोखर समोरासमोर बसले. हे स्क्रिप्ट वाचणाऱ्याचं काम नव्हे हो.

धागाकर्ता:
आणि डिसेंबर २०१० ची ड्युसेलडॉर्फची रात्र? सामुएल कॉख, २३ वर्षांचा मुलगा, स्प्रिंगचे बूट घालून समोरून येणाऱ्या गाड्यांवरून उड्या मारत होता, चौथी गाडी त्याचे वडीलच चालवत होते, आणि तिथे तो पडला, मानेखाली लुळा झाला. शो मध्येच बंद केला, हे पहिल्यांदाच घडलं. दोन महिन्यांनी गॉटशाल्कने जाहीर केलं की आता पूर्वीसारखं हसतखेळत चालवणं मला जमणार नाही, आणि वर्षअखेरीस सोडलं. खोटा चेहरा लावणारा माणूस इतका चालणारा शो सोडेल?

रातकिडा:
त्या रात्री तो नीट वागला याबद्दल वादच नाही, मलाही ते बघवलं नव्हतं. पण म्हणून २०२३ ची तक्रार खरी ठरत नाही. त्याला बोलायला कुणी बंदी केली होती? झेडडीएफने २०२१ ला परत बोलावलं, जवळजवळ १.४ कोटी लोकांनी बघितलं, निरोपाच्या भागालाही १.२ कोटींच्या वर होते, माइक शेवटपर्यंत त्याच्याच हातात. फरक इतकाच की आता समोरचे उलट बोलतात. तेवढं त्याला सोसायला हवं होतं.

बायर्नकर:
सोसायला हवं होतं म्हणणं सोपंय. सत्तरी ओलांडलेला माणूस प्रत्येक वाक्य आधी तोलून बोलायला लागला तर मग त्यालाच कशाला बोलवायचं, दुसरा कुणीही चालेल की. २०१२ ला मार्कुस लान्त्सला आणलंच होतं, दोन वर्षांत शो गुंडाळला.