करंगळीच्या मेटाकार्पलचे मॅलयुनियन : सातवा कॅरॅक्टर ‘ए’ की ‘पी’?

प्रश्न (ऑर्थो कोडर, ऐरोली)

नमस्कार. अमेरिकेतील एका ऑर्थोपेडिक क्लायंटचे सर्जरी चार्ट मी कोड करते, म्हणजे विमा क्लेमसाठी निदान आणि शस्त्रक्रियांचे कोड लावते. सध्याच्या चार्टमधील रुग्णाच्या उजव्या करंगळीच्या मेटाकार्पलचे (तळहातातील हाडाचे) मानेपाशी चार महिन्यांपूर्वी डिस्प्लेस्ड (तुकडे जागेवरून सरकलेले) फ्रॅक्चर झाले होते. त्या वेळी दुसऱ्या रुग्णालयात केवळ स्प्लिंट दिले गेले आणि हाड वाकड्या, पीळ पडलेल्या स्थितीतच जुळले. आता नव्या सर्जनने ते हाड कापून, सरळ करून त्यावर प्लेट बसवली आहे. ऑपरेटिव्ह नोटमधील निदानात ‘मॅलयुनियन’ (हाड चुकीच्या स्थितीत जुळणे) असे स्पष्ट लिहिलेले आहे.

आमच्या एका ज्येष्ठ सहकाऱ्यांचे म्हणणे असे की, सर्जन रुग्णाला पहिल्यांदाच पाहत आहेत आणि शस्त्रक्रिया म्हणजे ॲक्टिव्ह ट्रीटमेंटच, त्यामुळे एस६२.३३६ए द्यावा (निदान कोडचे शेवटचे अक्षर, म्हणजे सातवा कॅरॅक्टर, उपचाराचा टप्पा सांगते; ‘ए’ म्हणजे फ्रॅक्चरवरील सुरुवातीचा, ॲक्टिव्ह उपचार). दुसऱ्या सहकारी एस६२.३३६पी वर ठाम आहेत (‘पी’ म्हणजे मॅलयुनियनवरील पुढील उपचार). प्रोसिजरच्या, म्हणजे शस्त्रक्रियेच्या, कोडसाठीही २६६१५ की २६५६५, याबाबत मतभेद आहेत. क्लेम पुढे जाण्यापूर्वी नियमाचा आधार मिळाल्यास बरे होईल.

उत्तर (कोडिंग ऑडिटर, पुणे)

एस६२.३३६पी हाच कोड योग्य आहे. आयसीडी-१०-सीएम या अमेरिकेतील निदान-कोड पद्धतीच्या अधिकृत मार्गदर्शक सूचनांतील १९व्या प्रकरणात, फ्रॅक्चरच्या भागात, मॅलयुनियन आणि नॉनयुनियन (हाड न जुळणे) यांसारख्या गुंतागुंतींवरील उपचारांसाठी त्या-त्या गुंतागुंतीचाच सातवा कॅरॅक्टर द्यावा, असे स्पष्ट सांगितले आहे. सर्जन बदलले किंवा रुग्ण ऑपरेशन थिएटरमध्ये गेला, म्हणून मूळ फ्रॅक्चर पुन्हा ताजे होत नाही. एस६२ मध्ये मॅलयुनियनसाठी ‘पी’ एवढाच पर्याय आहे; ‘क्यू’ आणि ‘आर’ हे फोरआर्म, फीमर आणि पायाच्या खालच्या भागातील ओपन (त्वचा फाटून जखम झालेल्या) फ्रॅक्चरसाठी आहेत.

३० सप्टेंबर २०१५ पर्यंत, म्हणजे आयसीडी-९-सीएम लागू असताना, मॅलयुनियनला ७३३.८१ हा स्वतंत्र कोड होता. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० मध्ये एम८४.० आहे, पण अमेरिकेच्या सीएम आवृत्तीत तो नाही. तिथे ही सगळी माहिती सातव्या कॅरॅक्टरवरच आहे, म्हणून ते एक अक्षर चुकले, तर रुग्णाचे हाड वाकडे जुळले होते ही गोष्टच क्लेममधून नाहीशी होते.

प्रोसिजरसाठी २६५६५ द्यावा. २६६१५ हा मेटाकार्पल फ्रॅक्चरच्या ओपन ट्रीटमेंटचा (शस्त्रक्रियेने हाड बसवण्याचा) कोड आहे. इथे जुळलेले हाड मुद्दाम कापलेले आहे, म्हणजे ही ऑस्टिओटॉमी आहे. २६५४६ नॉनयुनियनसाठी असल्यामुळे तो इथे लागू होत नाही. प्लेटचा वेगळा कोड देऊ नये. मेटाकार्पल तळहातात असल्याने मॉडिफायर (कोडला लावायची जोड) आरटी, म्हणजे उजवी बाजू, द्यावा. उजव्या करंगळीचा मॉडिफायर एफ९ हा २६५६७ ने फॅलँक्सची (बोटाच्या हाडाची) ऑस्टिओटॉमी कोड करताना उपयोगी पडतो.

उत्तर (हँड थेरपिस्ट, नाशिक)

उपचारांच्या बाजूने एक मुद्दा मांडते, कारण कोडरने एक्स-रेच्या अहवालातील अंशांवरून मॅलयुनियन ठरवले, तर रुग्णावर अन्याय होतो. करंगळीच्या मेटाकार्पलचा तळाचा सांधा बराच हलता असल्यामुळे मानेपाशी राहिलेला बाक हात पुष्कळदा सहज सांभाळून घेतो. पीळ मात्र थोडाही चालत नाही. रुग्णाला मूठ हळूहळू मिटायला सांगितली की बोटांची टोके साधारण स्कॅफॉइडच्या (मनगटातील अंगठ्याच्या बाजूच्या हाडाच्या) दिशेने वळायला हवीत. पीळ असेल, तर करंगळी अनामिकेखाली सरकते आणि पकड नीट बसत नाही. हे तपासून ‘मॅलयुनियन’ म्हणण्याचा अधिकार डॉक्टरांचा आहे. नोटमध्ये केवळ ‘अँग्युलेशनसह (बाक राहून) जुळलेले’ असे असल्यास डॉक्टरांना क्वेरी पाठवावी.

प्रश्नकर्ती

दोघांचेही आभार. याच क्लायंटच्या दुसऱ्या चार्टमध्ये रुग्णाने फ्रॅक्चरवर कोणतेही उपचार घेतले नव्हते. तो काही महिन्यांनी थेट ऑस्टिओटॉमीसाठी आला. तिथेही ‘पी’ द्यावा का?

उत्तर (कोडिंग ऑडिटर, पुणे)

इथे मात्र सावध राहावे. ज्या रुग्णाने फ्रॅक्चरवर किंवा नॉनयुनियनवर उपचार घेण्यास उशीर केला, त्याला इनिशियल एन्काउंटरचा (सुरुवातीच्या उपचाराचा) कॅरॅक्टर द्यावा, असे त्याच सूचनांमध्ये म्हटले आहे. त्या वाक्यात मॅलयुनियनचा उल्लेख नाही, त्यामुळे मतभेद होतात. तरीही फ्रॅक्चरवरील उपचारच लांबलेले असल्याने माझ्या वाचनाप्रमाणे क्लोज्ड फ्रॅक्चरसाठी तिथे ‘ए’ बसतो. मात्र क्लायंटचे लेखी धोरण मागवून ते ऑडिटसाठी जपून ठेवावे. पहिल्या चार्टमधील रुग्णाला स्प्लिंट मिळाले होते, म्हणून ही सवलत त्याला लागू होत नाही.

पहिल्या चार्टमध्ये इजेच्या बाह्य कारणाचा कोड देत असाल, तर त्याचा सातवा कॅरॅक्टर ‘डी’ (नंतरचा उपचार) ठेवावा. घटनास्थळाचा वाय९२ केवळ पहिल्या उपचाराच्या वेळी द्यायचा असतो, त्यामुळे तो या क्लेममध्ये नको.