साठवलेल्या प्रकाशाचा रंग

जादूगार दगडात प्रकाश साठवतो आणि हवा तेव्हा, हव्या त्या रंगात सोडतो, ही तुमच्या कथेतली कल्पना मला फार आवडली. फक्त 'हव्या त्या रंगात' याला माझा ठाम विरोध आहे. तिथेच जादू फुकटची होते.

ऐरोलीला आमच्या घरी मुलीच्या खोलीत छताला अंधारात चमकणाऱ्या चांदण्या चिकटवल्यात. टॉर्चला लाल जिलेटिन पेपर लावून कितीही वेळ धरा, चांदणी ढिम्म. निळा लावला की लगेच हिरवी उजळते. बाहेर पडणाऱ्या प्रकाशाची ऊर्जा आत गेलेल्यापेक्षा कमीच. चमकणाऱ्या पदार्थांबद्दल भौतिकशास्त्रज्ञ जॉर्ज स्टोक्सने हे १८५२ मध्येच मांडलं होतं. (अपवाद आहेत, पण कथेला हा नियम पुरेसा आहे.)

हाच कायदा तुमच्या जगात आणा. दिसणाऱ्या रंगांत जांभळ्याची ऊर्जा सर्वात जास्त, लालची सर्वात कमी; म्हणून जांभळा भरला तर निळा मिळेल, निळ्याचा हिरवा. एका दगडातून दुसऱ्यात ओतत गेलं की शेवटी उरतो लाल, ज्याने पुढचा दगड भरताच येत नाही. मग जांभळ्या प्रकाशासाठी राज्यं एकमेकांच्या उरावर बसतील आणि गरिबाच्या घरी लाल दगडच येईल.

शिवाय उष्णता. असा पदार्थ तापवला की साठा भराभर सुटतो, थंडीत अडकून राहतो. म्हणजे गुरुकुलाने दगड बर्फात जपायचे आणि लढाईआधी मुठीत गरम करायचे. तापाने फणफणलेल्या शिष्याच्या हाती भरलेला दगड देणं तिथे गुन्हा असायला हवा. हा प्रसंग तुम्ही लिहाच.