पायथनसाठी पुस्तक सुचवा (मदत हवी आहे)

मंडळी, नमस्कार. वय ४६, काम हिशेबाचं, एक्सेलवर हात बसलेला. आता पायथन ही प्रोग्रॅमिंगची भाषा शिकायचं मनावर घेतलंय.

अप्पा बळवंत चौकातून एक जुनं जाडजूड पुस्तक ८० रुपयांत उचललं आणि फसलो. पहिल्याच धड्यातलं प्रिंट "नमस्कार" जसंच्या तसं टाइप केलं, तर सिंटॅक्स एरर! दोन संध्याकाळ अवतरणचिन्हं तपासत बसलो. भाचीने मिनिटभरात सांगितलं, "मामा, हे पायथन २ आहे. ३ मध्ये प्रिंटला कंस लागतो." पायथन २ चा सपोर्ट २०२० सालीच संपलाय. भागाकारही वेगळा: ७/२ चं उत्तर पुस्तकात ३, माझ्या लॅपटॉपवर ३.५. हिशेबवाल्याला हे कसं परवडेल?

तर पायथन ३ चं, धड्यामागे सरावाचे प्रश्न असलेलं, आणि उत्तरांसकट, पुस्तक सुचवा. व्हिडिओ नकोत, झोप लागते. मराठीत असेल तर उत्तमच. पण व्हेरिएबलला 'चल' म्हणणारं नको, त्यापेक्षा इंग्रजी बरं.

माझं काम मुख्यतः सीएसव्ही फायली (स्वल्पविरामाने रकाने वेगळे केलेले साधे तक्ते) जुळवण्याचं. मग आधी भाषा नीट शिकू, की थेट पांडाजवरचं (तक्त्यांवर काम करायची पायथनची लायब्ररी) पुस्तक घेतलं तर झेपेल?